मल्टीट्रॉनिकवाली जुनी ए४ घेऊ का?

तुमचा प्रश्न मी समजलो तो असा. नाशिकमध्ये २०१३ ची ऑडी ए४ मिळतेय, दोन लिटर डिझेल, ८४,००० किलोमीटर झालेली. गाडी देखणी आहे, किंमत मोहात पाडणारी आहे. फक्त सिग्नलवरून हळू निघताना बारीक थरथर येते. मालक म्हणतो, "ऑडीला एवढं असतंच." ओळखीचा गॅरेजवाला म्हणतो, "सीव्हीटी आहे, हात लावू नका." (सीव्हीटी म्हणजे ठरावीक गिअर नसलेला, प्रमाण सलग बदलणारा ऑटोमॅटिक गिअरबॉक्स.) आणि घरून सूचना आलीय की त्यापेक्षा जुनी कॅमरी हायब्रिड बघा. शिवाय गिअरबॉक्सचं ऑइल 'लाइफटाइम' असतं हे खरं का, असंही विचारलंय.

मी गेली बावीस वर्षं पुण्यात ऑटोमॅटिक गिअरबॉक्सचंच काम करतो. या मल्टीट्रॉनिकचेही, म्हणजे ऑडीच्या सीव्हीटीचेही, बरेच नग खोलून पुन्हा जोडलेत. त्या अनुभवावरून सांगतो, "सीव्हीटी टिकतो का" असं विचारलंत तर उत्तर मिळणार नाही. दोन गोष्टी विचारा. या गाडीची थरथर नेमकी कुठून येते? आणि उद्या गिअरबॉक्स उतरवायची वेळ आलीच, तर तो खर्च गाडीच्या किमतीचा कितवा हिस्सा असेल? महागड्या गाड्यांची गंमत ही की दहा वर्षांत गाडीची किंमत पार खाली येते, पण गिअरबॉक्सच्या पार्टची येत नाही. वापरलेल्या स्विफ्टच्या किमतीत ऑडी मिळते, पण तिचं बिल मात्र ऑडीचंच येतं.

सगळ्यात आधी ही गाडी सीव्हीटीच आहे याची खात्री करून घ्या. आरसी बुकावरून हे कळत नाही. मल्टीट्रॉनिक फक्त पुढची चाकं ओढणाऱ्या गाड्यांना बसवला गेला. मागे 'क्वाट्रो' (म्हणजे चारही चाकं ओढणारी) असा बिल्ला असेल (आणि तो नंतर हौसेने चिकटवलेला नसेल, हेही होतं) तर गिअरबॉक्स वेगळा आहे आणि माझं पुढचं निम्मं उत्तर तुम्हाला लागू नाही. स्टेपनीच्या खड्ड्यात एक कागदी लेबल असतं, त्यावर गिअरबॉक्सचा कोड छापलेला असतो. त्याचा फोटो काढून ठेवा. तुम्ही सांगताय ते मॉडेल, दोन लिटर डिझेल ऑटोमॅटिक, पुढची चाकं ओढणारं, म्हणजे मल्टीट्रॉनिकच असणार. तसं पाहिलं तर गाडी परकी नाहीच. भारतातली ए४ संभाजीनगरजवळच्या शेंद्र्याच्या कारखान्यात जुळवली जायची.

आता आत काय चालतं ते, कारण त्याशिवाय पुढचं पटणार नाही. घरात ॲक्टिव्हा असेल तर सीव्हीटी तुमच्याकडे आधीपासून आहे. दोन पुली, मध्ये रबरी पट्टा. पुलीच्या दोन बाजू जवळ आल्या की पट्टा कडेला चढतो, लांब गेल्या की आत उतरतो, आणि त्यातून गिअरचं प्रमाण सलग बदलत राहतं. मोटारीत हे मोठ्या प्रमाणावर बाजारात आणलं ते हॉलंडच्या डाफ कंपनीने, १९५८ साली, तेही रबरी पट्ट्यांनीच. त्या गाड्या पुढे जितक्या जोरात पळत तितक्याच मागेही पळत, म्हणून डच लोक त्यांच्या उलट्या शर्यती लावायचे. पुढे रबराच्या जागी पोलादी पट्टा आला. १९९३ मध्ये विल्यम्सने तो फॉर्म्युला वनच्या गाडीत घालून चाचणीही घेतली आणि पुढच्या हंगामाच्या नियमांनी त्यावर बंदी आली. तेव्हा ही कल्पनाच कमजोर आहे, असं कोणी म्हणालं तर मान डोलवू नका.

ऑडीने १९९९ मध्ये आणलेल्या मल्टीट्रॉनिकमध्ये पट्ट्याऐवजी पोलादी चेन आहे. ती सायकलच्या चेनसारखी दात्यांत अडकत नाही. पुलीच्या गुळगुळीत उतारावर फक्त दाबाने धरली जाते. इंजिनची सगळी ताकद पोलादावर पोलाद दाबून पलीकडे जाते आणि त्या दोघांच्या मधे ऑइलचा पातळ थर असतो. इतर ठिकाणी ऑइलने घसरण वाढवावी अशी आपली अपेक्षा असते. इथे त्याच ऑइलने झीज टाळायची आणि पकडही सुटू द्यायची नाही. म्हणून सीव्हीटीत साधं ऑटोमॅटिकचं ऑइल चालत नाही. "दोन्ही एटीएफच (ऑटोमॅटिकचं ऑइल) आहेत साहेब" म्हणून दुसरं ओतलेली गाडी माझ्याकडे आली होती. तिच्या पुलीवर नखाला लागतील एवढे चरे पडले होते.

दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची आहे. अलीकडच्या होंडा सिटी किंवा निस्सानच्या सीव्हीटीला इंजिन आणि पुलीच्या मधे टॉर्क कन्व्हर्टर असतो. गाडी जागेवरून हलताना लागणारी सगळी घसरण तो ऑइलमध्ये पचवतो. मल्टीट्रॉनिकला तो नाही. तिथे ऑइलमध्ये बुडालेला, बऱ्याच प्लेटांचा क्लच आहे. म्हणजे ट्रॅफिकमध्ये गाडी मुंगीच्या पावलांनी सरकते तेव्हा खरं तर कोणीतरी तुमच्या वतीने हाफ क्लच दाबून बसलेलं असतं.

तुमची थरथर बहुतेक इथलीच. ऑइल जुनं झालं की त्यातली घर्षण सांभाळणारी द्रव्यं संपतात. मग प्लेटा सुरळीत घसरत नाहीत. गंजलेल्या बिजागरीसारखं होतं, सरकते, अडकते, पुन्हा सरकते. ते सेकंदाला अनेकदा झालं की सीटखाली थरथर जाणवते. माझ्याकडे थरथरीची तक्रार घेऊन आलेल्या मल्टीट्रॉनिकपैकी बऱ्याच गाड्या नुसतं योग्य ऑइल आणि क्लचचं ॲडॉप्टेशन (युनिटला क्लचची पकड नव्याने शिकवणं) यांवर सुधारल्या. काही सुधारल्या नाहीत, त्यांच्या प्लेटा जळालेल्या होत्या. कुठली गाडी कुठल्या गटात जाईल, हे बाहेरून बघून शंभर टक्के सांगणारा मेकॅनिक मला अजून भेटलेला नाही.

आणि हो, थरथर गिअरबॉक्सची नसूही शकते. दोन वर्षांपूर्वी एक गृहस्थ असाच चेहरा पाडून आले. दुसरीकडे त्यांना गिअरबॉक्सचं लाखांतलं एस्टिमेट मिळालं होतं. गाडी ब्रेकवर धरून डी (पुढचा गिअर) मध्ये टाकली तर उभ्या जागीच कंप होता, एन (न्यूट्रल) मध्ये टाकली की गायब. इंजिनचा माउंट, म्हणजे इंजिन तोलणारा रबरी आधार, खचला होता. माउंट बदलला, कंप गेला. या डिझेलमध्ये इंजेक्टर बिघडला तरी कमी आरपीएमला असाच हादरा येतो आणि ड्युअल मास फ्लायव्हील (इंजिनचे झटके शोषणारं जड चाक) सैल झालं तरी येतो. गिअरबॉक्सला फाशी देण्याआधी या तिघांची साक्ष काढा.

खरोखर गिअरबॉक्सचं दुखणं असेल तर ते तीनपैकी एक असतं आणि तिन्हींची बिलं वेगळी. पहिलं क्लचचं, ते वर सांगितलं. ऑइलवर भागलं तर पाच आकड्यांत, प्लेटा बदलाव्या लागल्या तर मजुरी धरून साधारण लाखाच्या पुढे. दुसरं इलेक्ट्रॉनिक्सचं. या गिअरबॉक्सचा कंट्रोल युनिट बाहेर नाही, गिअरबॉक्सच्याच पोटात, गरम ऑइलच्या शेजारी बसवलेला आहे आणि काही सेन्सर त्याच्याच अंगात आहेत. हा निर्णय घेणाऱ्या जर्मन इंजिनियरला एकदा मे महिन्यात अकोल्याला आणायला हवं होतं. तो युनिट बिघडायला लागला की डॅशबोर्डवर गिअरची अक्षरं उलट्या रंगात पेटतात किंवा गिअरबॉक्सची सूचना येते, कधी रिव्हर्स पडत नाही, आणि गाडी बंद करून चालू केली की तासभर सगळं ठीक. हे नवं टाकण्यापेक्षा दुरुस्त करून देणारे कारागीर आता आहेत, पण कामाची हमी लेखी घ्या. तिसरं चेन आणि पुलीचं. हे सगळ्यात कमी दिसतं आणि सगळ्यात महाग पडतं. ती वेळ आली की बहुतेक लोक वापरलेला गिअरबॉक्स शोधतात. तोही दुसऱ्या कोणाच्या तरी अपघातातल्या गाडीतून निघालेला असतो आणि त्याचा इतिहास तुम्हाला कोणी सांगत नाही.

आता 'लाइफटाइम' ऑइल. ऑइलचं आयुष्य संपलं की गिअरबॉक्सचंही संपतं, या अर्थाने ते लाइफटाइम आहे खरं! मल्टीट्रॉनिकसाठी ऑडीनेच ६०,००० किलोमीटरला ऑइल बदलायला सांगितलेलं आहे. तुमची गाडी ८४,००० ला आहे, म्हणजे एकदा बदललेलं असायलाच हवं. मालकाकडे त्याचं बिल मागा. 'फुल सर्व्हिस हिस्टरी' या शब्दांवर जाऊ नका, दर वर्षी इंजिन ऑइल बदललेली फाइल जाडच दिसते. त्या फाइलमध्ये गिअरबॉक्सच्या ऑइलची ओळ आहे का, एवढंच बघा. मी स्वतः आपल्याकडच्या गाड्यांना ४०,००० ते ४५,००० सांगतो. आपल्या रस्त्यावर दहा किलोमीटरला पाऊण तास लागतो. मीटरवर दहाच उमटतात, क्लच मात्र पाऊण तासाचा झिजतो.

ऑइल बदलणं ऐकायला सोपं वाटतं. याला डिपस्टिक नाही. गाडी रॅम्पवर अगदी समतल घ्यायची, इंजिन चालू ठेवायचं, खालून भरायचं आणि ऑइलचं तापमान स्कॅनरवर बघत, ते चाळीस अंशांच्या आसपास असताना, जास्तीचं ओघळून जाऊ द्यायचं. नेमके अंश गिअरबॉक्सच्या कोडप्रमाणे मॅन्युअलमध्ये बघायचे. गरम ऑइल फुगतं, त्यामुळे तापमान चुकलं की पातळी चुकते. सुरुवातीच्या काळात मीच ही चूक केलीय. एप्रिलची दुपार, गिऱ्हाईक घाईत, गाडी हायवेवरून थेट आलेली. तशीच घेतली आणि पातळी 'बरोबर' आली. चार दिवसांनी ती गाडी खंबाटकी घाटात वळणावर पकड सोडू लागली. थंड झाल्यावर मोजलं तर ऑइल चांगलंच कमी होतं. तेव्हापासून उन्हाळ्यात हे काम मी सकाळी साडेसातला, रात्रभर गॅरेजमध्ये उभ्या राहिलेल्या गाडीवरच करतो. विदर्भात मे महिन्यात दुपारी उन्हात उभी असलेली गाडी चालू करायच्या आधीच ऑइल चाळिशीला टेकलेलं असतं. तिथल्या वाचकांनी तर मेकॅनिकच्या कपाळाला आठ्या पडल्या तरी सकाळचाच आग्रह धरावा.

ऑइल भरून झालं म्हणजे काम झालं असंही नाही. क्लचला नवं ऑइल शिकवावं लागतं. स्कॅनर लावून थोडं पुढे जायचं, ब्रेकने थांबायचं, काही सेकंद तसंच धरायचं, मग तेच रिव्हर्समध्ये. युनिट 'झालं' म्हणेपर्यंत हे पुन्हा पुन्हा करायचं. हे न करता दिलेली गाडी आधीपेक्षा वाईट चालू शकते आणि मग "ऑइल बदललं आणि गिअरबॉक्स गेला" ही कहाणी तयार होते. त्या कहाणीतला दुसरा भाग असा की लोक गिअरबॉक्स घसरायला लागल्यावरच ऑइल बदलायला येतात. जळालेल्या प्लेटा ऑइलने परत उगवत नाहीत. मशीनने जोरात फ्लश करून घेण्याच्या मात्र मी विरोधात आहे. त्यापेक्षा एकदा काढून भरा, हजारेक किलोमीटर चालवा, पुन्हा काढून भरा. ऑइल जास्त लागतं, पण तळाशी बसलेला गाळ एकदम व्हॉल्व्हकडे जात नाही.

काढलेलं ऑइल लगेच ओतून देऊ नका. पांढऱ्या ट्रेमध्ये घ्या. नुसतं काळपट असेल तर वय झालंय. जळका वास असेल तर प्लेटा तापल्यात. गिअरबॉक्समधल्या चुंबकावर राखाडी, लोण्यासारखा मऊ लेप असणं ठीक आहे. पण ट्रे उन्हात तिरका केल्यावर जरीसारखं काही चमकलं, तर ती पुली किंवा चेन बोलतेय. तशी गाडी मी फुकट मिळाली तरी घेणार नाही.

विकणारा तुम्हाला ऑइल काढू देणार नाही हे उघड आहे. म्हणून टेस्ट ड्राइव्हवर भर द्या. गाडी सकाळी थंड असताना बघायला जा. मालकाला आधीच बजावून ठेवा की चालू करून ठेवू नका. बॉनेटवर हात ठेवून बघा, गरम लागली तर का गरम आहे ते विचारा. डी आणि आर (रिव्हर्स) मध्ये टाकल्यावर गाडीने पकडायला दीड-दोन सेकंदांपेक्षा जास्त वेळ घेतला तर ती खूण चांगली नाही. ॲक्सिलरेटरला पाय न लावता ब्रेक सोडा, गाडी कशी सरकते बघा. मग ताशी पाच ते पंधराच्या दरम्यान अगदी हलक्या पायाने पाच-सहा वेळा चालवा, थरथर इथेच सापडते. त्यानंतर अर्धा-पाऊण तास हायवेवर फिरवून आणून हेच सगळं पुन्हा करा. थंडीत शहाणी वागणारी गाडी गरम झाल्यावर खरी बोलते.

एका गोष्टीने मात्र दचकू नका. जोरात पाय दिला की आरपीएम आधी वर जातो आणि गाडी मागून येते. इंजिन ओरडतंय आणि गाडी आरामात आहे असं वाटतं. हा सीव्हीटीचा स्वभाव आहे, बिघाड नाही. बिघाड तेव्हा, जेव्हा एकसारख्या पायावर आरपीएमची सुई अचानक उडते आणि धपकन खाली येते. तसंच ताशी साठच्या पुढे वेगाबरोबर वाढत जाणारी घरघर ऐकू आली तर ती बेअरिंगची असू शकते. टायरचाही आवाज तसाच येतो, म्हणून वळणावर तो बदलतो का ते ऐका. शेवटी चांगला स्कॅनर लावून गिअरबॉक्स युनिटच्या नोंदी काढून घ्या आणि त्याच दिवशी काढा. काही विकणारे आदल्या दिवशी सगळं पुसून ठेवतात. पण ॲडॉप्टेशनचे आकडे पुसणं तेवढं सोपं नसतं आणि जाणत्याला ते बरंच सांगतात.

घेतलीत तर चालवायची सवय बदलावी लागेल. चढावर सिग्नलला ॲक्सिलरेटरवर गाडी तोलून धरायची नाही, ब्रेक धरायचा. पुढची गाडी दोन फूट सरकली की आपणही दोन फूट सरकायचं, हे थांबवायचं. पंधरा फूट मोकळे होऊ द्या, मग एकदम सुटा. मागचा हॉर्न वाजवेल, वाजवू दे. गाडी पूर्ण थांबल्याशिवाय डीमधून आर नाही. बंद पडली तर शक्यतो दोरी बांधून ओढायची नाही. ऑडीची मर्यादा एनमध्ये, ताशी ५० च्या आत आणि ५० किलोमीटरपर्यंत आहे, कारण इंजिन बंद असताना ऑइलचा पंपही बंद असतो. मी तर सरळ फ्लॅटबेड (गाडी पाठीवर घेऊन जाणारा ट्रक) मागवा म्हणतो.

घरच्यांच्या कॅमरीबद्दल. नाव ई-सीव्हीटी आहे, म्हणून ती याच बिरादरीतली वाटते, पण तिच्यात ना पट्टा ना चेन. कॅमरी हायब्रिड किंवा लेक्ससच्या ईएस ३००एच मध्ये प्लॅनेटरी गिअरसेट (मधल्या गिअरभोवती फिरणाऱ्या छोट्या गिअरांचा संच) आणि दोन इलेक्ट्रिक मोटर असतात. मोटरींचा वेग बदलून प्रमाण बदलतं, घसरणारा क्लच नाहीच. त्यामुळे आपण आत्तापर्यंत बोललो त्यातलं जवळजवळ काहीच तिथे बिघडत नाही. तिथे गिअरबॉक्सऐवजी हायब्रिड बॅटरीची तब्येत बघा आणि बॅटरीला हवा पोचवणारी जाळी केसांनी, धुळीने भरली नाही ना ते बघा. गाडी म्हणून मजा ए४ मध्ये जास्त, हे मी मान्य करतो. झोप कॅमरीत जास्त लागते.

निस्सानचं उदाहरण लोक नेहमी देतात म्हणून तेही सांगतो. अमेरिकेत २००३ ते २०१० च्या सीव्हीटी गाड्यांची हमी त्यांना १० वर्षं किंवा १,२०,००० मैलांपर्यंत वाढवावी लागली होती. ऑडीनेही पुढच्या पिढीच्या ए४ मध्ये, जी भारतात २०१६ ला आली, मल्टीट्रॉनिक सोडून डबल क्लचचा एस-ट्रॉनिक घेतला. यावरून लोक निकाल लावून मोकळे होतात. पण माझ्या गॅरेजमध्ये दीड लाख किलोमीटरवर चाललेले, एकदाही न उघडलेले मल्टीट्रॉनिक येतात. त्यांच्या मालकांमध्ये एकच साम्य आहे. ऑइलची बिलं विचारली की ते फाइल उघडून दाखवतात.

तुमच्या जागी मी असतो तर मालकाला सांगितलं असतं, ठरलेल्या किमतीतून ऑइल, ॲडॉप्टेशन आणि क्लचच्या कामाचा अंदाजे खर्च कापा. तो हसून नाही म्हणाला तर गाडी सोडली असती. मान्य झाला, स्कॅन स्वच्छ निघाला, गरम गाडी नीट चालली आणि खरेदीनंतरही दीड-दोन लाख हाताशी शिल्लक राहत असतील, तर घेतली असती. सगळे पैसे गाडीतच संपणार असतील आणि रोज ऑफिसला याच गाडीने जायचं असेल, तर नाही. स्टेपनीच्या खड्ड्यातल्या लेबलचा फोटो आणि स्कॅनचा रिपोर्ट मिळाला की पाठवा. युनिटचं नाव दिसेल असा काढा, लोक नेमकं तेच कापतात.